इंधन-पंपाचा रिले: दोष आणि निदान

उन्हाळ्याच्या ऐन दुपारी राजस्थानातील एखाद्या सडकेवरून भाड्याची मोटारगाडी चालली आहे. गाडीत काही बिघाड असल्याची शंका यावी असे कोणतेही चिन्ह नाही. अकस्मात एंजिन बंद पडते. चालक गाडी कशीबशी रस्त्याच्या कडेला घेतो आणि पुन्हा किल्ली फिरवतो. स्टार्टर जोमाने फिरतो, दिवे लख्ख लागतात, इंधनदर्शक काटा टाकी निम्मी भरलेली असल्याचे दाखवतो. परंतु एंजिन काही केल्या सुरू होत नाही. उतारू खाली उतरून झाडाची सावली शोधतात. अर्धा तास असाच जातो. मग चालक सहज म्हणून किल्ली फिरवतो, आणि जणू काही घडलेच नव्हते अशा थाटात एंजिन सुरू होते.

गाडी गॅरेजमध्ये जाते तेव्हा ती ठणठणीत असते. वैद्याच्या दारात पोहोचताच रोग्याचा ताप उतरावा, तशातलाच हा प्रकार. कारागीर तर्क करतो आणि इंधन-पंप बदलून देतो. मालकाला काही हजार रुपयांचा भुर्दंड पडतो. आठ दिवसांनी, तशाच उन्हात, गाडी पुन्हा बंद पडते. भाड्याच्या गाडीवर ज्याचा संसार चालतो, त्या माणसाच्या दृष्टीने ही केवळ गैरसोय नसते. प्रत्येक खोळंब्याबरोबर त्याची दिवसाची कमाई आणि गिऱ्हाइकाचा विश्वास अशी दोन्हींची हानी होत असते. शिवाय वाहत्या रस्त्यावर एकाएकी निर्जीव होणारी गाडी जिवालाही धोका निर्माण करते, हे निराळे सांगावयास नको.

अशा वेळी खरा अपराधी पुष्कळदा एक लहानशी डबी असते. तिची प्रत्येक बाजू जेमतेम अडीच ते तीन सेंटिमीटर लांबीची असते आणि पंपाच्या मानाने तिची किंमत नगण्य असते. या डबीला रिले म्हणतात. तिचे कार्य समजून घेतले, तर तिची परीक्षा घेणे मुळीच अवघड नाही.

टपालाचा घोडा आणि विजेचा निरोप

रिले हा शब्द मोटारगाडीहून कितीतरी जुना आहे. लांबच्या प्रवासात ठरावीक टप्प्यांवर दमलेला घोडा सोडून ताज्या दमाचा घोडा जोडण्याची जी पद्धत होती, तिच्याशी या शब्दाचा संबंध आहे. भारतातील डाकेची व्यवस्थाही याच तत्त्वावर उभी होती. एका चौकीचा हरकारा दमला की थैली दुसऱ्याच्या खांद्यावर जाई. निरोप तोच राही, बळ मात्र नवे मिळे.

विजेच्या क्षेत्रात ही कल्पना एकोणिसाव्या शतकात आली. अमेरिकन शास्त्रज्ञ जोसेफ हेन्री याने १८३५ च्या सुमारास असे दाखवून दिले की, लांब तारेतून आलेला क्षीण प्रवाह एका विद्युत्-चुंबकाला चेतवू शकतो आणि त्या चुंबकाच्या हालचालीने दुसऱ्या, अधिक बलवान प्रवाहाचा मार्ग उघडता येतो. तारायंत्राला याच युक्तीने दूरचा पल्ला गाठता आला. आजच्या मोटारगाडीतील रिलेचे तत्त्व यापेक्षा निराळे नाही.

डबीच्या आत बारीक तांब्याच्या तारेचे एक वेटोळे असते. त्यातून प्रवाह वाहू लागला की आतला लोखंडी गाभा चुंबक बनतो व समोरची लोखंडी पट्टी स्वतःकडे खेचतो. पट्टीला जडवलेला धातूचा स्पर्शबिंदू दुसऱ्या स्थिर स्पर्शबिंदूवर जाऊन टेकतो आणि मोठ्या प्रवाहाचा मार्ग पुरा होतो. वेटोळ्यातील प्रवाह थांबताच एक लहानशी स्प्रिंग पट्टीला मागे ओढते व मार्ग तुटतो. पट्टी खेचली जाताना जो ‘टक्’ असा आवाज होतो, तो निदानाच्या कामी पुढे फार उपयोगी पडतो.

या व्यवस्थेतील काटकसर आकड्यांत पाहण्यासारखी आहे. वेटोळ्याचा रोध ८० ओहम धरला, तर १२ व्होल्टच्या बॅटरीवर त्यातून ०.१५ अँपिअर एवढाच प्रवाह वाहतो. पंपाला मात्र सामान्यतः ४ ते ८ अँपिअर प्रवाह लागतो. म्हणजे अल्पशा प्रवाहाच्या आज्ञेने त्याच्या तीस-चाळीस पट मोठा प्रवाह चालू किंवा बंद करता येतो. हा मोठा प्रवाह थेट किल्लीच्या कळीतून अथवा नियंत्रक संगणकातून नेला असता, तर त्यांचे नाजूक भाग लवकरच जळून गेले असते.

पूर्वीच्या गाड्यांत रिले का नव्हता?

अँबॅसडर किंवा प्रीमियर पद्मिनी ज्यांनी चालवली आहे, त्यांना इंधन-पंपाचा रिले ही वस्तू अपरिचित वाटेल, आणि ते स्वाभाविक आहे. त्या गाड्यांत कार्बुरेटर असे आणि पंप एंजिनालाच जोडलेला असे. एंजिन फिरले की त्याच्या गतीने पंपाचा पडदा वरखाली होई. तेथे विजेचा संबंधच नव्हता. १९८३ मध्ये आलेली पहिली मारुती ८०० हीदेखील कार्बुरेटरचीच गाडी होती.

या पंपांचा एक दोष मात्र प्रसिद्ध होता. कडक उन्हात, चढावर, तापलेल्या एंजिनाला चिकटलेल्या पंपातील पेट्रोलची वाफ होई आणि वाफेमुळे इंधनाचा ओघ खुंटे. जुने चालक पंपावर ओले फडके टाकून थोडा वेळ थांबत व मग मार्गस्थ होत. आजच्या गाडीत पंप बहुधा टाकीच्या आत पेट्रोलमध्येच बुडालेला असतो व तो इंधन साधारणतः वातावरणाच्या तिप्पट दाबाने पुढे ढकलतो. दाबाखालील द्रवाची वाफ सहजासहजी होत नाही. म्हणून तापलेली आधुनिक गाडी बंद पडून निवल्यावर सुरू झाली, तर जुन्या अनुभवावरून वाफेला दोष देणे बहुधा चुकीचे ठरते. लक्षण सारखे दिसते; रोग मात्र निराळा असतो.

विद्युत पंप आणि इंधनाचे अंतःक्षेपण ही जोडी जगात १९६७ पासून, जर्मन बनावटीच्या इलेक्ट्रॉनिक पद्धतीच्या आगमनानंतर, हळूहळू रूढ झाली. भारतात प्रदूषणाचे नियम कडक होत गेले तसतसा, विशेषतः १९९० च्या दशकाच्या अखेरीपासून, पेट्रोल गाड्यांत तिचा प्रसार झाला आणि तिच्याबरोबर रिलेही आला.

आज्ञा कोण देतो?

रिले स्वतः काही ठरवत नाही. तो आज्ञाधारक सेवक आहे. आज्ञा येते ती एंजिनाच्या नियंत्रक संगणकाकडून. चालकाने किल्ली पहिल्या टप्प्यावर फिरवली की संगणक रिलेला सुमारे दोन सेकंद चेतवतो. तेवढ्या वेळात पंप चालून नळीत दाब निर्माण होतो. मागच्या आसनाखालून त्या वेळी जी बारीक घरघर ऐकू येते, ती याच पंपाची. त्यानंतर एंजिन फिरू लागले नाही, तर संगणक रिले सोडून देतो व पंप थांबतो. स्टार्टर फिरू लागल्यावर क्रँकशाफ्टजवळचा संवेदक स्पंदने पाठवू लागतो. ती मिळत राहतील तोपर्यंतच पंप चालू ठेवला जातो.

ही योजना सुरक्षिततेसाठी आहे. अपघातात गाडी उलटली, नळी फुटली आणि एंजिन थांबले, तर पंपही तत्काळ थांबला पाहिजे. अन्यथा तो फुटक्या नळीतून तप्त एंजिनावर पेट्रोलचा फवारा उडवीत राहील. रिलेला बगल देऊन पंपाला कायमची थेट तार जोडण्याचा उपाय काही ठिकाणी केला जातो. त्याने गाडी सुरू होते हे खरे. परंतु ज्या संकटापासून बचाव व्हावा म्हणून ही व्यवस्था केली, त्याच संकटाला ते आमंत्रण होय.

रिले कसा बिघडतो?

पंप हा एक विद्युत चलित्र आहे. अशा यंत्राचा प्रवाह तोडताना स्पर्शबिंदूंमध्ये दर वेळी एक सूक्ष्म ठिणगी पडते. हजारो वेळा हे घडल्यावर स्पर्शबिंदूंचे पृष्ठभाग खडबडीत होतात, काळवंडतात व त्यांवर विजेला अडवणारा थर साचतो. मग पट्टी टेकते, आवाजही होतो, पण प्रवाह पुरेसा जात नाही. क्वचित याच्या उलट घडते. स्पर्शबिंदू वितळून एकमेकांना चिकटतात. मग किल्ली काढल्यावरही पंप चालूच राहतो आणि सकाळी बॅटरी उतरलेली आढळते.

दुसरा दोष डाखाचा. काही रिलेंमध्ये आतील भाग एका छापील मंडल-फलकावर डाख देऊन बसवलेले असतात. उन्हात उभ्या केलेल्या गाडीच्या आतील तपमान ६० अंश सेल्सिअसच्याही वर जाऊ शकते आणि रात्री ते पुन्हा उतरते. या नित्याच्या प्रसरण-आकुंचनाने डाखाला केसासारखी बारीक चीर जाते. गाडी थंड असताना चिरेच्या कडा एकमेकींना टेकलेल्या असतात. उष्णतेने त्या विलग होतात. १९८० व १९९० च्या दशकांतील होंडा सिव्हिक, अॅकॉर्ड यांसारख्या गाड्यांत हा दोष पुष्कळ आढळला. उन्हात उभी केलेली गाडी सुरू होत नसे व संध्याकाळी मुकाट्याने सुरू होई. डबी उघडून सांध्यांना नव्याने डाख दिला की ती वर्षानुवर्षे निर्वेध चाले.

तिसरा दोष रिलेचा नसून त्याच्या बैठकीचा असतो. रिलेची पितळी पाती ज्या खाचांत बसतात, त्या सैल होतात किंवा समुद्रकाठच्या खाऱ्या, दमट हवेने त्यांवर हिरवट गंज चढतो. सैल सांधा तापतो, तापल्याने अधिक सैल होतो, आणि शेवटी भोवतालचे प्लास्टिक वितळते. अशा बैठकीत नवा रिले बसवला, तरी तोही अल्पकाळातच निकामी होतो. वेटोळ्याची तार तुटणे हा चौथा दोष. तो तुलनेने विरळा आहे.

लक्षणे ओळखताना

निदानाची पहिली पायरी म्हणजे रोग कोणता नाही हे ठरवणे. स्टार्टरच फिरत नसेल, तर प्रश्न बॅटरीचा किंवा स्टार्टरचा आहे. गाडी चढावर हळूहळू जोर गमावत असेल, मागून पंपाचा कर्कश आवाज येत असेल, तर झिजलेला पंप किंवा तुंबलेली गाळणी यांचा संशय घ्यावा. रिले सहसा अर्धवट आजारी पडत नाही. एंजिन चालू असताना एखादे बटण दाबावे तसे ते एकदम बंद पडते, किंवा सुरूच होत नाही. हे सर्वस्वी निरपवाद नसले, तरी मार्गदर्शक म्हणून पुरेसे आहे.

त्यानंतर फ्यूज पाहावा. तो जळला असल्यास नवा घालून काम संपले असे समजू नये. फ्यूज का जळला, हा प्रश्न शिल्लक राहतोच. चोरीप्रतिबंधक यंत्रणेचा दिवा लुकलुकत असेल, तर संगणक जाणूनबुजून आज्ञा रोखत असण्याचा संभव असतो. काही गाड्यांत जोराचा धक्का बसल्यास पंप बंद करणारी स्वतंत्र कळ असते. ती खड्ड्यातील आदळण्याने उडाली आहे काय, तेही पाहावे.

कानाने घेतलेली परीक्षा

आता रिले शोधावयाचा. त्याची जागा प्रत्येक गाडीत निराळी असते. बॉनेटखालच्या फ्यूजच्या पेटीत किंवा चालकाच्या पायांजवळ डॅशबोर्डखाली तो बहुधा सापडतो. पेटीच्या झाकणावर आतल्या बाजूस आकृती छापलेली असते. मालकाला मिळालेल्या पुस्तिकेतही ती असते. आकृती न पाहता अंदाजाने डब्या उपसू नयेत.

ही परीक्षा दोघांनी करावी. एकाने किल्ली फिरवावी, दुसऱ्याने रिलेवर बोट ठेवावे. चार शक्यता उद्भवतात. टक् आवाज झाला आणि पंपाची घरघरही ऐकू आली, तर रिले निदान त्या क्षणी तरी काम करीत आहे. ठिणगी, इंधनाचा दाब इत्यादी गोष्टींकडे वळावे. टक् झाले पण घरघर नाही, तर आज्ञा पोहोचली व वेटोळे शाबूत आहे. दोष स्पर्शबिंदूंत, तारांत किंवा पंपात आहे. टक् देखील झाले नाही, तर वेटोळे तुटले आहे किंवा आज्ञाच आलेली नाही. चौथी शक्यता सूक्ष्म आहे. किल्ली फिरवताच दोन सेकंद पंप चालतो, परंतु स्टार्टर फिरवताना मात्र गप्प राहतो. अशा वेळी रिले निर्दोष असण्याचा संभव मोठा. क्रँकशाफ्टचा संवेदक स्पंदने पाठवीत नसल्याने संगणकाला एंजिन फिरत असल्याचे कळतच नाही. सेवकाला शासन करण्यापूर्वी त्याला हुकूम मिळाला होता काय, हे पाहिले पाहिजे.

अदलाबदलीची परीक्षा

पुष्कळ गाड्यांत हॉर्नचा किंवा पंख्याचा रिले हुबेहूब तसाच असतो. दोन्ही रिलेंवरील क्रमांक व पात्यांची आकृती तंतोतंत जुळत असेल, तरच त्यांची अदलाबदल करावी. केवळ आकार सारखा असणे पुरेसे नाही. अदलाबदलीनंतर एंजिन सुरू झाले आणि हॉर्न मुका झाला, तर दोष सिद्ध झाला. कोणतेही उपकरण न लागणारी ही परीक्षा रस्त्याच्या कडेलाही करता येते. मात्र रिले उपसून बसवल्याने सैल सांधा तात्पुरता घट्ट होऊ शकतो. म्हणून संशयित रिले मूळ जागी परत बसवून दोष पुन्हा प्रकट होतो की नाही, हे पाहिल्याखेरीज निर्णय देऊ नये.

मल्टिमीटरने घेतलेली परीक्षा

रिलेच्या पात्यांना ठरावीक क्रमांक असतात. जर्मन मानकानुसार ८५ आणि ८६ ही वेटोळ्याची दोन टोके. ३० हे बॅटरीकडून येणाऱ्या मोठ्या प्रवाहाचे टोक. आणि ८७ हे पंपाकडे जाणारे. काही जपानी रिलेंवर १ ते ५ असे निराळे क्रमांक असतात. तेथे डबीवरील आकृती पाहावी.

रिले बाहेर काढून ८५ व ८६ यांमधील रोध मोजावा. तो सामान्यतः ५० ते १२० ओहमच्या दरम्यान भरतो. मापक अनंत रोध दाखवीत असेल, तर वेटोळे तुटले आहे. यानंतर या दोन टोकांना १२ व्होल्ट द्यावेत. टक् आवाज झाला पाहिजे आणि ३० व ८७ यांमधील मार्ग जुळला पाहिजे. डबीत डायोड असल्यास धन व ऋण टोके आकृतीप्रमाणेच जोडावीत. उलट जोडल्यास डायोड जळतो.

येथे एका फसगतीविषयी सावध राहिले पाहिजे. रोध मोजताना मापक अत्यंत अल्प प्रवाह सोडतो. जळक्या स्पर्शबिंदूवर टाचणीच्या टोकाएवढी स्वच्छ जागा उरली असली, तरी त्या प्रवाहाला ती पुरते व मापक रिलेला निर्दोष ठरवतो. प्रत्यक्षात ५ अँपिअरचा प्रवाह जाताना तेथे अर्ध्या ओहमचाही रोध असेल, तर अडीच व्होल्ट वाया जातात आणि त्या एवढ्याशा जागी सुमारे साडेबारा वॉट उष्णता निर्माण होते. पंप मंदावतो, डबी तापते आणि दोष वाढत जातो. म्हणून खरी परीक्षा पंप चालू असताना घ्यावी. ३० व ८७ या टोकांमधील दाबाचा फरक तेव्हा मोजावा. तो व्होल्टच्या एक-दोन दशांशांहून अधिक असेल, तर स्पर्शबिंदूंनी मान टाकली आहे असे समजावे.

शेवटी बैठक तपासावी. रिले काढलेला असताना ३० च्या खाचेत बॅटरीचा पूर्ण दाब मिळाला पाहिजे. किल्ली फिरवल्यावर ८६ च्या खाचेतही तो मिळाला पाहिजे. आणि बॅटरीचे धन टोक व ८५ ची खाच यांमध्ये धरलेल्या मापकाने त्या दोन सेकंदांपुरते १२ व्होल्ट दाखवले पाहिजेत, कारण तेवढा वेळ संगणक ८५ ला ऋण टोकाशी जोडतो. काही गाड्यांत ८५ व ८६ यांची कामे उलट असतात. नंतर फ्यूज बसवलेल्या जाड तारेने ३० व ८७ या खाचा क्षणभर जोडाव्यात. पंप चालला, तर पंप आणि त्याच्या तारा शाबूत आहेत. या चारही गोष्टी ठीक असून गाडी सुरू होत नसेल, तर दोष रिलेचाच. पंप चालला नाही, तर रिले निर्दोष असून शोध पुढे तारांत व पंपात घ्यावयास हवा.

हे करताना पेट्रोलचा वास येत असेल, तर परीक्षा तेथेच थांबवावी. दाबाखालील इंधनाची नळी सोडू नये, जवळ विडी-सिगारेट पेटवू नये आणि ती जोडतार गाडीत विसरू नये.

लपणारा दोष

जो दोष केवळ उन्हातच प्रकट होतो, त्याची थंड गॅरेजमधील तपासणी निरर्थक ठरते. एक तर गाडी बंद पडलेली असतानाच परीक्षा घ्यावी, किंवा केस वाळवण्याच्या यंत्राने रिलेला दुरून सौम्य ऊब द्यावी. ऊब लागताच टक् करून सुटणारा आणि निवल्यावर पुन्हा जुळणारा रिले आपला अपराध आपणच कबूल करतो. चालकाने गाडी केव्हा, कोणत्या हवेत, किती अंतर गेल्यावर बंद पडली आणि किती वेळाने सुरू झाली, याची वहीत नोंद ठेवली, तर अशी नोंद कारागिराला महागड्या उपकरणाइतकीच उपयोगी पडते.

ही सर्व चर्चा स्वतंत्र, उपसता येण्याजोग्या रिलेची झाली. नव्या कित्येक गाड्यांत रिले मंडल-फलकावर कायमचा बसवलेला असतो, तर काहींत पंपाचा वेग कमीजास्त करणारे इलेक्ट्रॉनिक नियंत्रक त्याची जागा घेतात. तेथे साधने बदलतील. विचाराची पद्धत मात्र तीच राहील. पंपापर्यंत शक्ती पोहोचते काय, आज्ञा येते काय, आणि या दोहोंची गाठ घालून देणारा दुवा शाबूत आहे काय, हे तीन प्रश्न क्रमाने विचारावे लागतील. या प्रश्नांची उत्तरे मिळाल्याशिवाय गाडीचा कोणताही भाग बदलणे म्हणजे नाडी न पाहता औषध देणे होय. आणि त्या औषधाचे मोल वैद्याला नव्हे, रोग्याला मोजावे लागते.